खाणीवरची कुटुंबं

दक्षिण आफ्रिका म्हणजे एकेकाळी जगात सगळ्यात जास्त सोनं जमिनीतून उपसणारा देश. १९७० साली एका वर्षात सुमारे हजार टन. १९६७च्या डिसेंबरात एका माणसाचं हृदय दुसऱ्याच्या छातीत बसवण्याची जगातली पहिली शस्त्रक्रिया याच देशात, केपटाऊनच्या ग्रूट स्कूर रुग्णालयात झाली. डॉ. ख्रिस्तियान बर्नार्ड यांचा हसरा चेहरा जगभरच्या टीव्हीवर झळकला. त्यांच्या स्वतःच्या देशात मात्र तो घरबसल्या कुणाला दिसला नाही, कारण दक्षिण आफ्रिकेत टीव्हीच नव्हता. १९६९च्या जुलैत माणूस चंद्रावर उतरला, तोही तिथल्या लोकांनी रेडिओवर ऐकला. पुढे जोहान्सबर्गच्या तारांगणात त्याची फिल्म दाखवायला लागले, तर तिथे ही गर्दी!

आपलं मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं. महाराष्ट्रात दुष्काळ, रेशनवर मिलो, आणि वरळीच्या मनोऱ्यावरून कार्यक्रम! दक्षिण आफ्रिकेत टीव्ही रीतसर सुरू व्हायला ५ जानेवारी १९७६ उजाडावा लागला. पैशांची अडचण नव्हती. सरकारला टीव्हीची भीती वाटत होती.

पोस्ट आणि तार खात्याचे मंत्री होते अल्बर्ट हर्टझॉग. माजी पंतप्रधानांचे चिरंजीव, कडवे आफ्रिकानर, म्हणजे डच वंशाच्या, आफ्रिकान्स बोलणाऱ्या गोऱ्या समाजातले. टीव्ही म्हणजे सैतानाची पेटी, असंच त्यांचं मत. तिच्यातून इंग्रजी आणि अमेरिकी कार्यक्रमांचा लोंढा येईल, आफ्रिकान्स भाषा वाहून जाईल, आणि काळी-गोरी माणसं एकत्र बसताउठताना दिसली की पाहणाऱ्यांच्या डोक्यात भलतंसलतं भरेल, असं ते जाहीरपणे सांगत. पंतप्रधान फेरवुर्ट यांनी तर टीव्हीला अणुबाँब आणि विषारी वायूच्या पंगतीत बसवलं होतं. आज या लोकांची टिंगल करणं सोपं आहे. मला मात्र हर्टझॉग यांना टीव्ही त्या काळच्या पुष्कळ उदारमतवाद्यांपेक्षा जास्त कळला होता असं वाटतं. टीव्हीतली माणसं रोज तुमच्या दिवाणखान्यात येऊन बसतात आणि हळूहळू ओळखीची होतात, हे त्यांनी बरोबर ताडलं होतं. कोण ओळखीचं झालेलं परवडेल, एवढाच त्यांच्यापुढे प्रश्न होता.

१९६८ साली त्यांचं मंत्रिपद गेलं. मग पीट मायर यांच्या अध्यक्षतेखाली आयोग बसला. हे मायर सरकारी प्रसारण संस्थेचे, म्हणजे एसएबीसीचे अध्यक्ष. शिवाय ब्रूडरबाँड या आफ्रिकानरांच्या गुप्त संघटनेचेही प्रमुख. या आयोगाने १९७१ साली टीव्ही आणायला हरकत नाही असं सांगितलं. पेटीत कोण दिसायचं ते आपल्याच हातात असेल तर भ्यायचं कशाला, असा एकंदर हिशेब असावा. वाहिनी एकच. रोज संध्याकाळी अर्धा वेळ इंग्रजी, अर्धा आफ्रिकान्स. आज इंग्रजी आधी असेल तर उद्या आफ्रिकान्स आधी. दोन गोऱ्या समाजांत मिनिटामिनिटाची समान वाटणी होती. देशातल्या बहुसंख्य लोकांच्या झुलू, खोसा, सोथो, त्स्वाना या भाषांना त्या वाटणीत जागाच नव्हती.

अशा या वाहिनीवर पहिल्याच वर्षी एक इंग्रजी कौटुंबिक मालिका आली, ‘द व्हिलेजर्स’. लेखक जॉन कंडिल, दिग्दर्शक ग्रे हॉफमायर. १९७६ ते १९७८ अशी ती चालली. व्हिलेज रीफ नावाची सोन्याची एक काल्पनिक खाण, आणि खाणीच्या वसाहतीत राहणाऱ्या कर्मचाऱ्यांची कुटुंबं. खाणीचा मॅनेजर हिल्टन मॅक्रे, ती भूमिका गॉर्डन मलहॉलंड यांची. घरं, बागा, संसार, रागलोभ. आणि मालिका ज्यांच्याभोवती फिरते ती सगळी कुटुंबं गोरी.

नोकरीच्या निमित्ताने मी काही वर्षं जोहान्सबर्गच्या पश्चिमेला, जुन्या खाणींच्या पट्ट्यात राहिले. घराजवळ फिकट पिवळ्या मातीचे सपाट माथ्याचे डोंगर होते. ते डोंगर म्हणजे सोनं काढून घेतल्यावर उरलेला दगडाचा भुगा. ऑगस्टमध्ये वारा सुटला की तो भुगा उडतो आणि खिडक्या लावल्या तरी भांड्यांवर साचतो. आमच्या घरमालकीणबाई सत्तरी ओलांडलेल्या, इंग्रज वंशाच्या. त्यांचे यजमान आयुष्यभर खाणीत सर्व्हेयर होते. या मालिकेचं नाव मी पहिल्यांदा त्यांच्याच तोंडून ऐकलं.

“तोपर्यंत पडद्यावर जे काही दिसायचं ते लंडनचं नाहीतर अमेरिकेचं,” त्या म्हणाल्या. “आमच्यासारखं बोलणारी माणसं आम्ही पहिल्यांदा पाहिली. आमचे उच्चार, आमची घरं, आमचा क्लब. आम्ही तर खाणीवरच राहत होतो. मालिका संपली की दुसऱ्या दिवशी क्लबात तीच चर्चा.”

त्यांचा आनंद मला खोटा वाटला नाही. आपली भाषा, आपलं आंगण पहिल्यांदा पडद्यावर दिसणं ही साधी गोष्ट नव्हे. मुंबई दूरदर्शनवर मराठी मालिका सुरू झाल्या तेव्हा शेजारपाजारच्या वीस जणांनी एका खोलीत दाटीवाटीने बसून त्या पाहिल्या, तो आनंद याच जातीचा. पुढे मी या मालिकेचे काही तुकडे मिळवून पाहिले. संथ आहे, जुन्या नाटकासारखी बोलकी आहे, पण वाईट मुळीच नाही. कामं नेटकी, माणसं खरी वाटतात. कुणी गोरं श्रेष्ठत्व वगैरेवर भाषण ठोकत नाही. प्रचारकी म्हणून ती निकालात काढली असती तर सोपं झालं असतं.

पण मालिका घडते सोन्याच्या खाणीवर, आणि त्या काळी सोन्याच्या खाणीवर कुटुंब असणं ही गोऱ्या माणसाची मिरास होती. मला या मालिकेबद्दल लिहावंसं वाटलं ते एवढ्यासाठी.

सत्तरच्या दशकात दक्षिण आफ्रिकेच्या सोन्याच्या खाणींत सुमारे चार लाख काळे कामगार होते. लेसोथो, मोझांबिक, मलावी, ट्रान्सकाय अशा लांबलांबच्या भागांतून साधारण वर्षभराच्या करारावर आणलेले. करार संपला की परत गावी, मग पुन्हा नवा करार. खाणीजवळ ते राहायचे कंपाउंडमध्ये, म्हणजे भिंती घातलेल्या बराकींत. एकेका खोलीत दहा-वीस जण, झोपायला एकावर एक सिमेंटचे ओटे. बायको-मुलांना आणायला परवानगी नव्हती. काळ्या कामगारांपैकी फार तर तीन टक्क्यांना सहकुटुंब राहायला घर देता येईल, अशी सरकारने घालून दिलेली मर्यादा होती. नीट सांगायचं तर शंभरातल्या सत्त्याण्णव बाप्यांना नोकरीच्या ठिकाणी संसार मांडायची सोय नव्हती. आणि त्या तीन टक्क्यांचा कोटाही बऱ्याच खाणींनी कधी पुरा भरला नाही.

यात कंपन्यांचा हिशेब अगदी सरळ होता. बाई आणि पोरं गावी असली की त्यांच्या पोटाची जबाबदारी गावच्या शेतीवर. मग खाणीने एकट्या पुरुषाच्या जेवणापुरता आणि वर थोडा पगार दिला की झालं. १९६९च्या सुमाराला गोऱ्या कामगाराचा पगार काळ्याच्या सुमारे वीस पट होता, आणि महागाई वजा केली तर काळ्या खाणकामगाराची कमाई १९११ साली होती त्याहून वाढलेली नव्हती. सुरुंग पेटवायचा परवाना कायद्यानेच काळ्यांना मिळत नसे. काळ्याने तीन-तीन किलोमीटर खोल, तापलेल्या खडकात पोटावर सरपटत ड्रिल मारायचं आणि वात पेटवायला गोरा साहेब यायचा. नव्या भरतीच्या माणसांना त्या उष्णतेची सवय व्हावी म्हणून आधी काही दिवस वाफेने भरलेल्या खोलीत कोंडून, तालावर ठोकळ्यावर चढ-उतर करायला लावत. मधूनमधून ताप मोजत. ज्याचा ताप फार चढेल तो बाजूला.

‘द व्हिलेजर्स’मधला प्रत्येक संसार या हिशेबावर उभा आहे. मॅक्रेच्या घरातला सोफा, बागेतलं पाणी, मुलांच्या शाळा हे सगळं ज्या पैशातून येतं तो पैसा कुणाच्या तरी संसाराची ताटातूट करून वाचवलेला आहे. मालिकेने तसं म्हणावं अशी माझी अपेक्षा नाही. एसएबीसीवर १९७६ साली ते म्हणता आलंही नसतं. पण एकदा हे कळल्यावर ‘कौटुंबिक मालिका’ असं सहज म्हणवत नाही.

माझा ऑफिसातला एक सहकारी मूळचा लेसोथोचा. चाळिशीचा, हिशेबात पक्का, दुपारच्या डब्यात नेहमी माझ्या चपातीवर डोळा. त्याचे वडील वेल्कम शहराच्या खाणीत होते. एकदा बोलता बोलता म्हणाला, “लहानपणी मला वाटायचं, वडील म्हणजे डिसेंबरात येणारा पाहुणा. येताना आईला नवं ब्लँकेट आणणार, आम्हाला बूट आणणार, आणि जानेवारीत जाणार. शेजारच्या मुलाचे वडील कायम घरी असायचे. मला त्याचीच कीव यायची. म्हटलं, याच्या बापाला नोकरी नाही!”

मी विचारलं, त्या काळी टीव्ही पाहिला होता का कधी वडिलांनी?

“कंपाउंडमध्ये रविवारी नाच असायचा,” तो म्हणाला. “तो पाहायला लोक यायचे. वडील नाचणाऱ्यांत होते.”

हे नाच म्हणजे खाणींची जुनी प्रथा. प्रत्येक कंपाउंडचा संघ, प्रत्येक जमातीचा वेगळा नाच, त्यासाठी बांधलेलं गोल मैदान. रविवारी सकाळी गोरी कुटुंबं आणि परदेशी पाहुणे बाकांवर बसून तो बघत. आज जोहान्सबर्गच्या दक्षिणेला, जुन्या क्राउन माइन्सच्या जागेवर, ‘गोल्ड रीफ सिटी’ नावाची जत्रेसारखी करमणूक नगरी आहे. तिकीट काढून खाणीत उतरता येतं, वर आलं की गमबूट घालून नाचणारी मुलं दिसतात. मीही तो नाच पाहिला. बुटांवर हाताचे फटके, त्याचा एक विलक्षण ठेका. बघताना मजा येते, आणि मजा येते आहे याचाच जरा रागही येतो. फाटकाबाहेर आलात की बाजूलाच वर्णभेदाचं संग्रहालय. तिथे तिकिटावर कुणाला ‘गोरे’ तर कुणाला ‘गोरेतर’ असं चिठ्ठी उचलल्यासारखं येतं आणि दोघांनी दोन वेगळ्या दारांनी आत शिरायचं. माझ्या तिकिटावर ‘गोरे’ आलं होतं. मागच्या रांगेतल्या खऱ्याखुऱ्या गोऱ्या आजोबांना ‘गोरेतर’. ते तिकीट हातात धरून बराच वेळ तसेच उभे राहिले होते.

गिरणगाव पाहिलेल्या मराठी माणसाला हे सगळं काही अगदीच परकं वाटणार नाही. रत्नागिरीचा, साताऱ्याचा गडी मुंबईत गाळ्यात आठ-दहा जणांबरोबर राहतोय, खानावळीत जेवतोय, बायको गावी मनीऑर्डरची वाट बघतेय, आणि शिमग्या-गणपतीला चाकरमानी घरी. आमच्या आजोळची अर्धी घरं अशीच चालली. मीही सुरुवातीला सहकाऱ्याला म्हटलं, अरे, आमच्याकडे पण असंच होतं. तो ऐकून घेत होता. पण फरक आहे, आणि तो लहान नाही. गिरणी कामगाराने चार पैसे साठवले, चाळीत खोली मिळाली, की बायकोला एसटीत बसवून आणायला त्याला कुणाची परवानगी लागत नव्हती. गरिबी आडवी यायची, पोलीस यायचे नाहीत. वेल्कमच्या कंपाउंडबाहेर नवऱ्याला भेटायला आलेली बाई पासाशिवाय, म्हणजे त्या भागात राहायच्या सरकारी परवान्याशिवाय, सापडली तर तिला अटक व्हायची.

कुणाचं कुटुंब हे कुटुंब, हे ठरवण्याची त्या देशाची खोड जुनीच. मार्च १९१३मध्ये केपच्या न्यायालयात न्यायमूर्ती सर्ल यांनी निकाल दिला की ज्या धर्मात एकाहून जास्त बायका करता येतात त्या धर्मानुसार लागलेलं लग्न इथे ग्राह्य नाही. एका निकालाने हिंदू-मुसलमानांच्या बायका कायद्याच्या लेखी बायका राहिल्या नाहीत. गांधीजींच्या सत्याग्रहात बायका उतरल्या त्या या निकालानंतर. कस्तुरबा त्याच वर्षी तुरुंगात गेल्या. हे आपल्याला शाळेत ओझरतं शिकवतात. पण त्या निकालाची झळ ज्यांना लागली त्यांत कोकणातली माणसंही होती. रत्नागिरी-रायगडातून केपटाऊनला जाऊन दुकानदारी थाटलेले कोकणी मुसलमान आजही तिथे आहेत आणि स्वतःला ‘कोकणी’च म्हणवतात. पहिल्या पिढीतले पुष्कळ पुरुष एकटे गेले. बायको गावाकडे आणि दुकान केपला, असे दोन खंडांत विभागलेले संसार त्यांनी वर्षानुवर्षं केले.

परत मालिकेकडे येते. टीव्ही सुरू होऊन जेमतेम साडेपाच महिने झाले होते. १६ जून १९७६ला सोवेटो या जोहान्सबर्गजवळच्या काळ्यांच्या वस्तीतली हजारो शाळकरी मुलं रस्त्यावर उतरली. कारण होतं भाषेचं. काळ्यांच्या शाळांत निम्मे विषय आफ्रिकान्समधून आणि निम्मे इंग्रजीतून शिकवायचा हुकूम सरकारने काढला होता. टीव्हीवर जी वाटणी, तीच वर्गात: गोऱ्यांच्या दोन भाषांना अर्धं-अर्धं आणि मुलांच्या मायबोलीला जवळपास काही नाही. पोलिसांनी गोळीबार केला. ‘द वर्ल्ड’ या वृत्तपत्रासाठी सॅम न्झिमा यांनी टिपलेलं छायाचित्र, ज्यात हेक्टर पीटरसन या मुलाला उचलून एक तरुण धावतो आहे आणि शेजारी त्याची बहीण आहे, ते जगभर गेलं. नव्याकोऱ्या सरकारी टीव्हीवर मात्र त्या दिवसांत काय चाललंय ते धड कळत नव्हतं.

आमच्या मालकीणबाईंना मी विचारलं होतं, तेव्हाचं काही आठवतं का? म्हणाल्या, “आकाशात धूर दिसत होता. बातम्यांत सगळं आटोक्यात आहे म्हणाले.” मग जरा थांबून म्हणाल्या, “आणि आमची बाई दोन दिवस कामावर आली नाही, असं नाही बरं का. ती इथेच होती. तुम्ही राहता ना, त्याच खोलीत.”

मी राहत होते ते ‘गार्डन कॉटेज’. तिथल्या जाहिरातींत असंच लिहितात. मूळ घरापासून तुटक, आवाराच्या मागच्या कोपऱ्यात एक खोली आणि न्हाणीघर. आता टाइल्स लावल्यात, बाहेर गुलाब आहेत, वायफाय आहे. खिडकी मात्र विचित्र उंचावर, डोक्याच्या वर. उजेड येतो, पण बाहेरचं काही दिसत नाही, आणि बाहेरच्यालाही आतलं दिसत नाही. न्हाणीघराचं दार आधी बाहेरूनच होतं, आतून नंतर फोडलंय, ते भिंतीच्या वेगळ्या रंगावरून कळतं. गोऱ्यांच्या वस्तीत कामवालीला राहायची परवानगी होती, मालकाच्या मागच्या आवारात, तिच्या पासाच्या पुस्तकात शिक्का असेल तर. तिच्या मुलांना नव्हती. मालकीणबाईंची बाई खोसा होती, तिची मुलं ट्रान्सकायमध्ये आजीकडे. “आमच्या मुलांना तिनेच वाढवलं,” असं बाई मोठ्या मायेने सांगत. तिच्या मुलांची नावं मी विचारली तेव्हा त्यांना एकच आठवलं.

बाईंना दुष्ट म्हणायचं मला काही कारण नाही. आजारपणात त्यांनी मला सूप करून दिलंय. आपल्याकडच्या मालिकांतल्या कामवाल्या बाया आठवून पाहा. त्या चहा आणतात, एखादं विनोदी वाक्य टाकतात, आत जातात. त्यांचं घर आपल्याला किती वेळा दाखवलं? आपल्या मालिकांतल्या कुटुंबांची आडनावं एका कागदावर लिहून काढली तर यादी केवढी होईल, आणि त्यात कोणती आडनावं येणारच नाहीत? आपल्याला त्यासाठी हर्टझॉग लागला नाही, आयोग लागला नाही. आपलं आपण जमवलं.

टीव्ही येऊन सहा वर्षं झाली, तेव्हा कुठे १९८२च्या सुरुवातीला काळ्यांसाठी वेगळ्या वाहिन्या आल्या. टीव्ही-टूवर झुलू आणि खोसा, टीव्ही-थ्रीवर सोथो आणि त्स्वाना. वस्त्यांमध्ये बऱ्याच घरांत तेव्हा वीज नव्हती. लोक गाडीच्या बॅटरीवर टीव्ही चालवत. आता पडद्यावर काळी कुटुंबं दिसायला लागली, पण वेगळ्या पडद्यावर. वर्णभेदाने बस वेगळी केली, बाक वेगळा केला, समुद्रकिनारा वेगळा केला, तशी संध्याकाळही वेगळी केली. यातूनही चांगलं काही निपजलंच नाही असं नाही. जो माफेला यांची ‘स्गुडी स्नायसी’ ही १९८६ सालची झुलू विनोदी मालिका. सोवेटोतलं एक घर, खमकी घरमालकीण (डॅफ्नी ह्लोमुका, काय बाई काम केलंय!), भाडेकरू, उधारी, थापा. आजही लोक तिचे संवाद म्हणून दाखवतात. रस्त्यावर वातावरण पेटलेलं, देशात आणीबाणी, आणि मालिकेत त्याचा मागमूस नाही. पण भाडं थकलंय, नोकरी नाही, शहरात टिकून राहायचंय, हे सगळं आहे, आणि ते हसतखेळत आहे. बहुधा म्हणूनच ती लोकांना इतकी आपली वाटली.

गंमत अशी, की त्याच दशकात गोऱ्या घरांतही एक काळं कुटुंब लाडकं झालं होतं, पण ते न्यूयॉर्कचं. ‘द कॉस्बी शो’ गोऱ्या प्रेक्षकांत तुफान चालला. डॉक्टर बाप, वकील आई, स्वेटर घातलेली गोड मुलं. समुद्रापलीकडचं काळं कुटुंब चालत होतं, कारण ते संध्याकाळी शेजारी राहायला येणार नव्हतं. ब्रिटिश कलावंतांच्या संघटनेने १९७६ सालीच एसएबीसीला कार्यक्रम विकण्यावर बहिष्कार टाकला होता. त्यामुळे पडदा भरायला अमेरिकी माल आणि आफ्रिकान्समध्ये डब केलेल्या जर्मन पोलिसी मालिका. हर्टझॉग यांना ज्या लोंढ्याची भीती होती तो आलाच, आणि त्याला वाट करून दिली ती वर्णभेदानेच.

१९८२ साली काळ्या खाणकामगारांची मोठी संघटना उभी राहिली. सिरिल रामाफोसा तिचे सरचिटणीस. पुढे तेच देशाचे अध्यक्ष झाले. सहकुटुंब राहायला घर मिळावं, ही या संघटनेची जुनी मागणी. १९८६ साली पासचे कायदे गेले, १९९४ साली मंडेला आले. सुरुंगाचा परवाना त्याआधीच काळ्यांना खुला झाला होता. बराकी मात्र बराच काळ उभ्या राहिल्या. माझ्या सहकाऱ्याचे वडील निवृत्त झाले तेही बराकीतूनच, आणि घरी आल्यावर बायकोशी काय बोलायचं हे त्यांना समजेना. “दोघं एकमेकांना पाहुण्यासारखं विचारायचे, चहा घेणार का?” तो म्हणाला. वर्षभरात फुफ्फुसांनी साथ सोडली. सिलिकोसिस, खाणीतल्या धुळीने होणारा रोग.

आणि मग १९९८ साली एक मालिका सुरू झाली, ‘इसिडिंगो’. निर्माता-दिग्दर्शक पुन्हा ग्रे हॉफमायर. पुन्हा सोन्याची खाण, यावेळी तिचं नाव होरायझन डीप. पुन्हा खाणीवरची वसाहत आणि कुटुंबं. फक्त आता मध्यभागी मताबाने नावाचं काळं कुटुंब आहे. बाप खाणीत, आई (केकेत्सो सेमोको यांनी वर्षानुवर्षं केलेली ॲग्नेस) घरात, मुलं वाढताहेत, जेवणाच्या टेबलावर वादावादी होतेय. शेजारी गोरी घरंही आहेत, आणि दोन्हींकडची माणसं एकमेकांकडे येतात, भांडतात, प्रेमात पडतात. ज्या आंतरवर्णीय लग्नावर १९४९ पासून १९८५ पर्यंत कायद्याने बंदी होती, ते इथे संध्याकाळच्या मालिकेतलं एक वळण. तोच दिग्दर्शक, तशीच खाण, मध्ये वीस वर्षं. हॉफमायर यांच्या मनात काय होतं मला ठाऊक नाही. पण आपण एकदा काढलेल्या चित्रात काय राहून गेलं हे कळायला, आणि ते पुन्हा काढायची संधी मिळायला, नशीब लागतं. फार थोड्या मालिकावाल्यांना ते लाभतं.

मी तिथे असताना ‘इसिडिंगो’ चालू होती आणि आम्ही ऑफिसातले काही जण ती नियमाने पाहत होतो. सहकाऱ्याच्या आईला ॲग्नेस फार आवडायची. ‘ही बघ, हिचा नवरा रोज संध्याकाळी घरी येतो,’ असं ती म्हणायची म्हणे, आणि त्यात कौतुक किती आणि टोमणा किती हे मुलांना कधीच कळलं नाही. पुढे पुढे मालिका बदलली. खाण मागे पडली आणि कथानक एका टीव्ही कंपनीच्या चकचकीत ऑफिसात शिरलं. कट-कारस्थानं, अपहरणं, मेलेली माणसं परत येणं, श्रीमंत खलनायक बार्कर हेन्स आणि त्याची त्याच्याहून बेरकी बायको शेरेल. मालकीणबाईंना हे सगळं फार आवडायचं. माझ्या सहकाऱ्याने मात्र पाहायचं सोडून दिलं. मी कारण विचारलं तर म्हणाला, “आता कोणी कामावर जातच नाही त्यात.” २०२०च्या मार्चमध्ये ती बंद पडली तेव्हा त्याला पत्ताही नव्हता, मी मेसेज करून कळवलं, तर त्याने उलट विचारलं, ‘खाणीचं शेवटी काय झालं, दाखवलं का?’